मास्तरांचा न पोचलेला शर्ट

मी एक जुनी कोळशाची इस्त्री आहे. जुनी म्हटलं म्हणून लगेच भंगारवाल्याला हाक मारू नका. माझं अंग बिडाचं आहे, मूठ लाकडाची, आणि झाकणाच्या कडीवर एक पितळी कोंबडा बसवलेला आहे. त्याची शेपटी तुटली, तोरा अजून शाबूत आहे. वजन साडेचार किलो. हल्लीच्या विजेच्या इस्त्र्या मी पाहिल्यात. दोरीला बांधलेल्या, बटण दाबल्याशिवाय गरम न होणाऱ्या. असो. मी कुणाला नावं ठेवत नाही.

मित्रांनो, मला पाय नाहीत, तरी आठवड्यातून चार दिवस मी अडीच किलोमीटर चालते. माझ्या जुन्या मालकिणीची, कडकबाईची, नात मला खांद्याच्या पिशवीत घालते आणि स्टेशनासमोरच्या चौकात जाऊन उभी राहते. तिचेही केस आता पिकायला लागलेत. लोक जमले की ती त्यांना गावातून फिरवते आणि लढाईच्या काळात कुठं काय घडलं ते सांगते. चौकातल्या ज्या भिंतीवर पकडायच्या माणसांच्या याद्या लागत, ती भिंत. शाळा, जिच्या वर्गांत मुलांऐवजी कैदी बसवले होते. पुलाचा कठडा, ज्यातली गोळ्यांची भोकं अजून बुजवलेली नाहीत. लोक त्या भोकांत बोट घालून बघतात आणि मग बोट खिशात ठेवून पुढं चालतात. सगळ्यात शेवटी आमच्या लाँड्रीची गल्ली. लाँड्रीच्या जागी आता मोबाईलचं दुकान आहे. त्या दुकानाच्या पायरीपाशी नात मला पिशवीतून काढते, माझ्यावरचं जुनं कापड सोडते आणि म्हणते, "ही बघा, हिनं आठ घरं वाचवली."

त्या कापडाबद्दल मी इतकी वर्षं अवाक्षर काढलेलं नाही. आज काढणार आहे. पण आधी माझं थोडं ऐका.

माझा जन्म ओतशाळेत, वाळूच्या साच्यात झाला. कारागिरानं मला उलटं करून माझ्या बुडावरून अंगठा फिरवला. खडबडीत जागा शोधत होता, सापडली नाही. मग बाजारात एका बाईनं मला उचललं, हातात तोललं, शेजारच्या दोन इस्त्र्या बाजूला सारल्या आणि म्हणाली, "हीच. बाकीच्या परत ठेव, शोभेला बऱ्या आहेत."

ती कडकबाई. नाव वेगळं होतं, पण तिच्या हातची खळ आणि तिची जीभ दोन्ही कडक, म्हणून गल्ली तिला त्याच नावानं ओळखायची. लिहितावाचता येत नव्हतं, पण कुणाचा कपडा कुणाकडे गेला असं कधी झालं नाही. प्रत्येक घराची एक खूण ती कॉलरच्या आतून निळ्या दोऱ्यानं घालायची. पाववाल्याची खूण गोल. चांभाराची आडवी रेघ. गणिताच्या मास्तरांची अधिकची खूण. मला कपड्यावर ठेवण्याआधी ती प्रत्येक वेळी ओल्या फडक्यावर टेकवून बघायची. चर्र झालं तर थांबायची, नुसती वाफ आली तर कामाला लागायची. म्हणून आमच्या हातून एकही कपडा करपला नव्हता. गावभर आमचं नाव होतं. मी फुगले होते, खोटं कशाला बोलू.

मग लढाई आली आणि परक्या फौजेनं गाव ताब्यात घेतलं. त्यांचे अधिकारी चौकातल्या मोठ्या घरांत राहायला आले आणि त्यांचे गणवेश आमच्याकडे येऊ लागले. नाही म्हणायची सोय नव्हती. गल्लीतले लोक कडकबाईकडे तिरक्या नजरेनं पाहू लागले. ती मान वर करून काम करत राहिली.

पण ती डोळे मिटून काम करणारी नव्हती. दोन महिन्यांत तिच्या लक्षात आलं, की रोज येतात ते मिरवायचे गणवेश. मधूनच एखाद्या दिवशी जाडे डगले येतात, आणि सोबत निरोप, की पहाटेच्या आत हवेत. असे डगले आले, की दुसऱ्या दिवशी उजाडायच्या आत कुणाच्या तरी घराचं दार फुटायचं.

तिनं आठ घरं निवडली. यादीत आज ना उद्या येतीलच, अशा माणसांची. त्यांना एकदाच, कपडे घेता घेता सांगून ठेवलं, "माझ्या घडीत कॉलर नेहमी वर असते. ज्या दिवशी ती आत दुमडलेली दिसेल, त्या दिवशी दिवेलागणीच्या आधी घर सोडायचं. मला काही विचारायचं नाही."

डगले आले, की त्याच दुपारी आठ घरांना एकेक शर्ट जायचा, कॉलर आत दुमडलेला. कोपऱ्यावरचे शिपाई टोपली उपसून बघायचे. त्यांना शर्ट दिसायचे. शर्टच होते ते. तीनदा असं झालं, तिन्ही वेळा फौजेला रिकाम्या खाटा सापडल्या, आणि फौज पांगली की माणसं गुपचूप परतली.

आता चौथी वेळ.

त्याच्या तीन दिवस आधी मास्तर आणि कडकबाई यांचं भर गल्लीत वाजलं होतं. शर्टाचं तिसरं बटण गेलं होतं. मास्तर म्हणाले, "देताना होतं, घेताना नाही. हिशेब सोपा आहे." कडकबाई म्हणाली, "तुमचा हिशेब तुमच्या पाटीवर ठेवा. मी कपडे धुते, बटणं खात नाही." मास्तर शर्ट तिथंच टाकून गेले. खिडक्यांतून अर्ध्या गल्लीनं ऐकलं.

डगले त्या दिवशी उशिरा आले, ऊन उतरल्यावर. तासाभरात आठ शर्ट व्हायला हवे होते. कोळसा हलका आणि तडतडणारा, चांगला कोळसा फौज घेऊन जायची. तिनं मला गळ्यापर्यंत निखारे भरले. सात शर्ट झाले, टोपलीवाला ते घेऊन गेला. आठवा मास्तरांचा. घाईत तिनं मला ओल्या फडक्यावर टेकवलं नाही. थेट कॉलरवर ठेवलं.

मी जाळलं, मित्रांनो. माझ्या नाकाएवढा, तपकिरी, त्रिकोणी डाग.

तो शर्ट तसाच धाडायला हवा होता. दुसऱ्या कुणाचाही शर्ट धाडला असता तरी चाललं असतं. नुसतं फडकं दुमडून धाडलं असतं तरी मास्तरांना कळलं असतं, ते गणिताचे मास्तर होते. पण करपलेला कपडा तिच्या हातून दाराबाहेर गेला नव्हता, आणि तोही त्याच माणसाकडे, ज्यानं तीन दिवसांपूर्वी तिला चारचौघांत बोल लावला होता. "डाग काढते आणि मीच देऊन येते," असं पुटपुटत ती चोळत बसली. संचारबंदीची घंटा झाली तेव्हा कॉलर तिच्या हातात ओली होती. शिपायांनी गल्ली बंद केली.

पहाटे मास्तरांना नेलं. ते परत आले नाहीत.

लढाई संपली. सात घरं परतली, कडकबाईच्या पाया पडली. मास्तरांच्या बायकोनं मात्र दारात उभं राहून सांगितलं, "एका बटणासाठी माझा माणूस घालवलास." गल्लीनं ते धरून ठेवलं. कडकबाई एक शब्द बोलली नाही. शर्ट दाखवून सगळं सांगता आलं असतं, पण आपल्या हातून कपडा जळला हे तिच्या तोंडून निघेना. लोकांनी वैरीण म्हटलेलं तिनं सोसलं, निष्काळजी म्हटलेलं सोसलं नसतं. तिनं तो शर्ट माझ्याभोवती गुंडाळला आणि मला माळ्यावर ठेवलं.

पुढं विजेची इस्त्री आली. मला खाली काढलं ते दाराला अडसर म्हणून. एका पावसाळ्यात माझ्या पोटात खिळे ठेवले होते. साडेचार किलोच्या बाईला खिळ्यांचा डबा केलं त्यांनी. मग परत त्याच कापडात, माळ्यावर. कडकबाई गेली, मुलगी गेली, आणि नातीला मी त्याच कापडात गुंडाळलेली सापडले. आईनं तिला एवढंच सांगितलं होतं, की तुझ्या आजीनं आठ घरांना निरोप धाडले. शेवटच्या वेळी आठवा निरोप गेलाच नाही, हे सांगायचं राहून गेलं, की मुद्दाम गाळलं, ते मला ठाऊक नाही. नातीनं मला घासलं, तेल लावलं आणि गावाला दाखवायला नेलं. मी रोज आठ घरं ऐकत होते आणि रोज आतून गंजत होते.

मागच्या महिन्यात फिरायला आलेल्यांत एक म्हातारी होती. हातात काठी, सोबत सून. शाळेपाशीच सून म्हणाली, "आई, पुढं चढण आहे. इथंच बसा, आम्ही बघून येतो."

"बसायला घरी खुर्ची आहे," म्हातारी म्हणाली. "तू दमली असशील तर तू बस."

सगळ्या थांब्यांवर ती मागं उभी राहिली. लाँड्रीच्या गल्लीत मात्र काठी टेकत पुढं आली. नातीनं नेहमीप्रमाणे कापड सोडलं, मला उचललं आणि म्हणाली, "आठ घरांना शर्ट गेले आणि आठही घरं वाचली."

"सात," म्हातारी म्हणाली.

नात थांबली. "आजी, आठ होती. माझ्या आईनं..."

"तुझ्या आईला राहू दे. मी त्या दिवशी दारात बसले होते. सात वर्षांची होते. टोपलीवाला आमच्या घरावरून पुढं गेला. माझ्या वडिलांचं आणि तुझ्या आजीचं बटणावरून भांडण झालं होतं. मला ऐंशी वर्षं एकच विचारायचंय. माणसानं एवढा राग धरावा का?"

 नातीचा चेहरा उतरला होता. मी बोलू शकत असते तर त्या क्षणी सगळं ओकले असते. सूनबाईंनी म्हातारीला पायरीवर बसवलं. "द्या इकडं ती," म्हातारी म्हणाली, "जरा बघू दे, काय एवढं कौतुक आहे ते." नातीनं म्हातारीच्या कोटाला गंज लागू नये म्हणून आधी तिच्या मांडीवर कापड पसरलं आणि वर मला ठेवलं.

म्हातारीनं माझ्याकडे पाहिलंच नाही. तिची बोटं कापडाच्या कडेवरून फिरत होती, आणि एका जागी थांबली. कॉलर होती ती. तिनं ती उलटी केली. आत निळ्या दोऱ्याची अधिकची खूण होती.

"ही आमची खूण," ती म्हणाली.

मग तिला डाग दिसला. तिनं मला उचललं, तिच्या हातांत तेवढं बळ कुठून आलं कोण जाणे, आणि माझं नाक त्या डागावर ठेवलं. तंतोतंत बसलं.  नातीनं हळूच विचारलं, "म्हणजे हा जळला म्हणून...?"

"जळला म्हणून ठेवून घेतला," म्हातारी म्हणाली. "माझी आई म्हणायची, ती बाई नाकावर माशी बसू देत नाही." तिचा अंगठा बटणांवरून खाली येत होता. पहिलं, दुसरं. तिसऱ्यावर तो थांबला. बाकीची पांढरी होती, हे किंचित पिवळट आणि दुहेरी दोऱ्यानं घट्ट शिवलेलं.

"बटण लावलंय," ती सुनेला म्हणाली. "बघ गं. बटण लावलंय तिनं."

सून तिच्या शेजारी पायरीवर बसली. आमच्यासोबत आलेले लोक मागं सरकून उभे राहिले.

जाताना नातीनं शर्टाची घडी करून म्हातारीपुढं धरली. म्हातारीनं हात पुढं केला नाही. "असा चुरगळलेला नेऊ? आमचा शर्ट आहे तो. धू, इस्त्री कर आणि घरी आणून दे."

पुढच्या रविवारी नातीनं माझ्या पोटात निखारे भरले. किती वर्षांनी ऊब मिळाली, काय सांगू. पण मला भीतीच जास्त वाटत होती. नातीनं हे काम कधी केलं नव्हतं, मोबाईलवर बघून करत होती. तिनं मला उचललं, शर्टाकडे नेलं, थांबली, आणि बाजूचं ओलं फडकं घेऊन मला त्यावर टेकवलं. चर्र झालं. ती थांबली. परत टेकवलं, तेव्हा नुसती वाफ आली. मग आम्ही दोघी सावकाश त्या शर्टावरून फिरलो, माझ्या जुन्या डागावरूनही. घडी घालताना तिनं कॉलर आत दुमडली.

म्हातारीनं दारातच शर्ट हातात घेतला, घडी बघितली आणि म्हणाली, "उशीर झाला."

मग दार पूर्ण उघडलं आणि पिशवीतल्या माझ्याकडे बोट केलं. "आत ये. तिला पण आण."

आता नात पायरीपाशी सात घरं सांगते, आणि आठव्याचं काय झालं तेही सांगते. लोक पूर्वीपेक्षा जास्त वेळ थांबतात. मला आता एका नव्या टॉवेलात गुंडाळतात. चांगला आहे, जरा पातळ आहे.

मित्रांनो, तुमच्याही घरी माळ्यावर माझ्यासारखं कुणी पडलं असेल. त्याला खाली काढा, गंज घासा, तेल लावा, आम्हाला ते हवंच असतं. पण ते ज्या फडक्यात गुंडाळलेलं असेल, ते फेकायच्या आधी एकदा उजेडात पसरून बघा. आणि त्यावर डाग दिसला, तर तो कुणाचा आहे ते विचारा, ज्याला ठाऊक आहे तो माणूस अजून चढण चढू शकतो आहे तोवर.