चोवीस वर्षांचा धूर

सभेला दोन तास उरले होते आणि आकडेवाली तोच तक्ता पुन्हा पुन्हा तपासत होती. नगरपालिकेत सगळे तिला आकडेवालीच म्हणत. टेकडीवर पवनचक्क्या उभारायच्या की गॅसचं वीजघर बांधायचं, यावर चार वाजता मतदान होतं, तेही तिच्या तक्त्यावरून. एका युनिट विजेमागे किती ग्रॅम कार्बन, पोलाद वितळवण्यापासून यंत्र मोडीत निघेपर्यंतचा सगळा. गॅस चारशे ऐंशी, पवनचक्की दोनशे अठ्ठ्याऐंशी. एवढ्याशा फरकासाठी टेकडी कशाला खोदायची, असं सभापती कालच म्हणाले होते. आकडा तिला काही केल्या पटत नव्हता.

तिनं बाबांना फोन लावला. बाबांचा उभा जन्म पवनचक्क्यांवर चढण्या-उतरण्यात गेला होता.

"आमची पहिली चक्की? अगं, तुझ्या जन्माच्या साली उभी केली. चोवीस वर्षं झाली, अजून फिरतेय बया."

चोवीस! गॅस दरवर्षी जळतो, म्हणून त्याचा धूर वर्षाच्या विजेनं भागायचा. चक्कीचं पोलाद-काँक्रीट मात्र एकदाच लागतं. आणि आपल्या आकडेवालीबाईंनी गॅसचंच सूत्र खाली ओढून तो सगळा धूर एकाच वर्षाच्या विजेवर लादला होता. नव्या चक्क्यांच्या कंत्राटातही चोवीसच वर्षं लिहिलेली. तिनं भागाकार केला. बारा आले. आनंदानं तिला रडूच फुटलं. सगळा तक्ता पुन्हा तपासेपर्यंत चार वाजत आले, मग ती दोन-दोन पायऱ्या गाळत सभागृहाकडे पळाली.

"कालचा आकडा चुकीचा होता," ती म्हणाली. "चूक माझी. पवनचक्कीचे बाराच ग्रॅम."

"दोनशे अठ्ठ्याऐंशीचे बारा?" सभापती म्हणाले. "उद्या शून्य करशील."

सगळे हसले. तिचे कान तापले, आज नोकरी जाते की काय असंही वाटून गेलं. पण तिनं खडू उचलला आणि फळ्यावर सगळा हिशेब मांडला, चूक कुठं झाली तेही लिहिलं. सभापतींनी चष्मा चढवून भागाकार स्वतः केला. मग पुन्हा केला.

"बाराच येतात की," ते पुटपुटले. "चक्क्यांच्या बाजूनं कोण, हात वर करा."

कारकुनानं हात मोजले आणि डोकं खाजवलं. सदस्य तेरा, हात चौदा.

मागच्या प्रेक्षकांच्या बाकावर, फोन ठेवल्या ठेवल्या घरातून निघालेले बाबा हात उंच धरून बसले होते.

"आजोबा, तुमचं मत धरत नाहीत," कारकून म्हणाला.

"माहीत आहे," बाबा म्हणाले, आणि हात तसाच ठेवला.