टेकडीवरची देवी आणि तीन सेकंद

हिवरखेडबाहेरच्या माळावर त्या रविवारी पाय ठेवायला जागा नव्हती. मोटारसायकली, ट्रॅक्टर, मेटाडोर असे काही आडवेतिडवे लावले होते की अकोटकडे जाणारा रस्ता पार बुजून गेला होता. सगळ्यांची तोंडं समोरच्या टेकडीकडे आणि डोळे गच्च मिटलेले. डोळे उघडे ठेवले तर देवी बोलत नाही, हा नादनाथ महाराजांचा नियम. देवी मोठी सोयीची होती.

"आई, नत्थुजीची हरवलेली म्हैस गावन काय?" महाराज नरडं ताणून ओरडले.

शब्द संपतो न संपतो तोच टेकडीकडून बाईचा घोगरा आवाज आला, "गावन! श्रद्धा ठेव!"

माणसं गदगदली. म्हैस मिळाली तर देवीची कृपा, नाही मिळाली तर नत्थुजीची श्रद्धा कमी पडली. महाराजांनी दोन्हीकडून बंदोबस्त करून ठेवला होता.

शाळेतल्या बेबीताई मॅडमना म्हशीशी काही देणंघेणं नव्हतं. त्या आल्या होत्या सातवीतल्या आचलसाठी. पोरीला लहानपणापासून मधुमेह, रोज इन्सुलिनची सुई. गुरुवारी तिच्या बापानं, खुशालरावांनी, देवीला विचारलं होतं, "सुई बंद करू काय?" देवी म्हणाली होती, "कर." तिचं काय जात होतं?

आता आचल बापाच्या मांडीवर लोळागोळा होऊन पडली होती. ओकाऱ्या थांबत नव्हत्या. छाती भात्यासारखी चालली होती.

"खुशालराव, उठा. अकोट अर्ध्या तासाच्या रस्त्यावर आहे. आणखी उशीर केला तर पोर हाती लागणार नाही."

"आईले इचारतो नं, मॅडम. थे म्हणन तं नेतो."

"डॉक्टरांनी काय सांगितलं होतं?"

"डॉक्टर काय देवीपेक्षा मोठा हाय?"

बेबीताईंना त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली. तेवढ्यात आचलनं त्यांचा पदर धरला.

"मॅडम, गणित जमून नाई राह्यलं."

"कोणतं गं?"

"टेकडी एक किलोमीटर. तिकडून आवाज यायले तीन सेकंद लागतात. मंग देवी लगेच कशी बोलते?"

अंतर, वेग आणि वेळेची गणितं त्यांनीच महिनाभर शिकवली होती. आवाज सेकंदाला साधारण तीनशे चाळीस मीटर जातो, हे फळ्यावर लिहून घोकून घेतलं होतं. देवीला मनातलं कळतं म्हणावं, तरी तिचा आवाज इथवर यायला वेळ लागणारच. शेताच्या धुऱ्यापलीकडे, बांधापल्याड, कुऱ्हाड आधी पडताना दिसते आणि ठोका मागून ऐकू येतो, हे इथल्या प्रत्येक शेतकऱ्यानं पाहिलेलं. पण शेतातली अक्कल सगळे शेतातच ठेवून आले होते.

उत्तर लगेच येतं, म्हणजे बोलणारी जवळच आहे. भक्तांनी पुढे येऊ नये म्हणून महाराजांनी आखलेली रेषा ओलांडून बेबीताई टेकडीच्या दिशेनं तडक निघाल्या.

"ओ बाई! भस्म होऊन जाशील!" महाराज किंचाळले.

बेबीताई काही भस्म झाल्या नाहीत. समोरच्या पळसात पानांआड भोंगा बांधला होता. त्याची वायर झाडामागे उभ्या महाराजांच्या जीपमध्ये शिरली होती. त्यांनी दार उघडलं. आत महाराजांची स्वयंपाकीण ललिता, एका हातात माईक, दुसऱ्या हातात भजं.

"अवो बाई, दार लावा नं!" ती दचकून म्हणाली.

पळसातून देवीही तेच म्हणाली.

माळावरचे सगळे डोळे एकदम उघडले. मग जे व्हायचं तेच झालं. कुणी महाराजांच्या जटा धरल्या, कुणी चप्पल काढली, आणि दीडशे माणसं दगड घेऊन जीपवर तुटून पडली.

बुजलेल्या रस्त्याच्या पुढे, डांबरी सडकेकडे तोंड करून, ती एकच गाडी मोकळी उभी होती.

"गाडी फोडू नका!" खुशालराव पोरीला खांद्यावर टाकून धावत सुटले. "माह्या लेकीले न्यायचं हाय! फोडू नका रे!"

कुणी ऐकलं नाही. काचा गेल्या, टायर फाटले, जीप उताणी झाली. मागचे ट्रॅक्टर हलवायला मालक सापडेनात. ते महाराजांना बडवण्यात गुंतले होते. खुशालराव पायीच अकोटकडे निघाले. आचल पहिल्या नाल्यापर्यंतही टिकली नाही.

तिसऱ्या दिवशी अंगणात माणसं भेटायला बसली होती. एकजण छाती फुगवून म्हणाला, "खुशालराव, आमी त्या भामट्याले सोडलं नाई. हाडं मोडली साल्याची."

"मले त्याची गाडी पायजे होती," खुशालराव म्हणाले.

सगळे माना खाली घालून बसले. बेबीताईंना राहवलं नाही.

"माना खाली घालू नका, वर बघा. बुवाला बडवायला अक्कल लागत नाही. बारा वर्षांच्या लेकरानं मरता मरता हिशेब केला आणि तुम्ही शेकडो जण डोळे मिटून बसलात. उद्या दुसरा बुवा येईल. डोळे उघडे ठेवा. तो सांगतो ते तपासून बघा. आणि आजारी माणसाला आधी दवाखान्यात न्या."