आवाजावरचा नेम

त्या दिवसापर्यंत ऑरिन प्रुइट पडद्यावर एकशे चौदा वेळा मेला होता आणि प्रत्येक वेळी जेवायला उठला होता. कड्यावरून पडून, घोड्याखाली येऊन, एका सिनेमात तर दोनदा, कारण दाढी लावली की त्याला कुणी ओळखत नसे. काउबॉयच्या चित्रपटांतला काळ्या टोपीवाला म्हणून त्याचं बरं चाललं होतं. एकशे पंधराव्या मरणाची मात्र त्याला सकाळपासून धास्ती होती.

मरण तसं साधंच. खलनायक बाटली उंचावून उभा राहतो, नायक गोळी घालून ती फोडतो, दुसऱ्या गोळीला खलनायक आडवा. दुसरी गोळी खोटी. पहिली खरी. खोट्या बाराने काच हवी तशी उडत नाही, असं दिग्दर्शक गॅफनीसाहेबांचं मत होतं. म्हणून नायक नुसता चाप ओढायचा आणि खडकाआड बसलेला नेमबाज खरी गोळी मारायचा.

नेमबाज होता लेम स्टॅगर. अॅरिझोनात गुरं हाकताना ऑरिनला घोड्यावर बसायला शिकवलं ते लेमने, कॅलिफोर्नियात सिनेमात आणलं तेही त्यानेच. सहा वर्षांत त्याने ऑरिनच्या हातातल्या एकतीस बाटल्या फोडल्या होत्या. आज सकाळी त्याच लेमने टोपी काढून एका निवडुंगाला "नमस्कार बाई" म्हटलं होतं.

ऑरिनने त्याला तंबूमागे गाठलं.

"लेम, मी तुला दिसतो का रे?"

"दिसतोस की. काळा डगला."

"तो दोरीवर वाळत घातलाय. मी इकडे उभा आहे."

लेमने हळूच मान वळवली. "हे बघ, गॅफनीला बोललास तर मी आज फाटकाबाहेर. साठीच्या माणसाला कोण दारात उभं करतंय?"

"आणि नाही बोललो तर माझा हात जाईल."

"कशाला जातोय? मी आवाजावर मारतो. तू बोलत राहा, मी नेम धरतो. मूकपट आहे लेका, काय बोललास ते कुणाला कळतंय?"

ऑरिनला हे पटलं. विचार करण्यात तो कधीच फार पुढे नव्हता. खलनायकाला तेवढं लागतही नाही.

नटांना भाव यावा म्हणून ठेवलेल्या व्हायोलिनवाल्याने भीतीची धून धरली. कॅमेऱ्याचा दांडा फिरू लागला. ऑरिनने बाटली डोक्यावर उंच धरली आणि डोळे वटारून हळूहळू बोलू लागला.

"लेम, मी इथे. अजून वर. जरा डावीकडे."

बंदुकीची नळी वर आली, डावीकडे आली आणि थांबली. बरोब्बर त्याच्या तोंडासमोर.

तेव्हा ऑरिनच्या डोक्यात उजेड पडला, की आवाज बाटलीतून येत नाही.

तो गप्प झाला. ओठ मात्र हलवत राहिला, कारण कॅमेरा चालू होता. नळी गोंधळली. फिरता फिरता व्हायोलिनवाल्यावर क्षणभर रेंगाळली.

"वा प्रुइट!" गॅफनीसाहेब खुर्चीवर उभे राहून कर्ण्यातून गरजले. "काय घाबरलायस! अजून घाबर! तीन म्हटलं की गोळी!"

त्या सबंध माळावर त्यांच्याएवढा मोठा आवाज दुसरा कुणाचा नव्हता. नळी वळली आणि कर्ण्यावर स्थिरावली. साहेब ऑरिनकडे बघत होते. कॅमेरावाला भिंगातून बघत होता. नायकाची पाठ खडकाकडे होती. व्हायोलिनवाल्याचे डोळे मिटलेले. बंदूक कुणाकडे रोखलीय ते फक्त ऑरिनला दिसत होतं.

"एक!"

थांबा म्हणावं, तर लेम गेला. न म्हणावं, तर साहेब गेले.

"दोन!"

"लेम! इकडे!" ऑरिन छाती फुटेस्तोवर ओरडला. नळी सटकन त्याच्या तोंडावर आली. त्याने मान खाली खुपसली आणि जिथे तोंड होतं तिथे बाटली धरली.

"तीन!"

काचांचा पाऊस पडला. दुसऱ्या गोळीची वाट न बघता ऑरिन आडवा झाला. हे अभिनयात धरायचं की नाही, ते त्यालाही सांगता आलं नसतं.

"कट!" साहेब नाचायचेच बाकी होते. "ओरडलास कशाला, वाकलास कशाला ते कळलं नाही, पण भीती एक नंबर!"

लेम काचा तुडवत आला. "लागली?"

"लागली."

"पण तुझा आवाज आला तिथेच मी मारली. बाटली वर धरायची होती ना?"

"तहान लागली होती."

लेम खाली बसला, हात पुढे करून ऑरिनचा चेहरा चाचपला. नाक. एक कान. दुसरा कान.

"मोजून घे," ऑरिन म्हणाला.

लेम उठला आणि साहेबांना परत द्यायला म्हणून त्याने बंदूक निवडुंगापुढे धरली. ऑरिनने उठून त्याला खांद्याला धरून साहेबांकडे वळवलं.

"साहेब, सोमवारी घोडेवाल्याला लाथ बसल्यापासून त्याची जागा रिकामी आहे. घोडे मी बघतो," लेम म्हणाला.

"आणि नेम?"

"नेम पुरे झाला. घोडा कसा, हाताला कळतो."

साहेब खुशीत होते. "बघ बाबा."

तबेल्यात घोडे खिंकाळत होते. त्या आवाजावर लेम सरळ चालत गेला, कुठेही न अडखळता. वाटेत फक्त निवडुंगापाशी थांबला, टोपी उचलली आणि बाईंना म्हणाला, की आता रोज याच वाटेने जाणंयेणं होईल.