मागं वळून बघायचं नाही

इंदापुरात हिवाळा आला की तिबेटी लोकांची स्वेटरची दुकानं लागतात. सोनमचे आजी-आजोबा तिबेटातून जीव घेऊन निसटलेले, तिचा जन्म कर्नाटकातल्या निर्वासितांच्या वसाहतीतला. पण तिची जीभ सुटली ती इथं, आईच्या दुकानात, गिऱ्हाइकांच्या तोंडाकडे बघत. त्यामुळे तिची मराठी थेट तालुक्यातल्या कळस गावची.

यंदा नरसिंहपूरला मालिकेचं शूटिंग आलं. कानटोपी घ्यायला आलेल्या त्यांच्यातल्या एकानं तिचं बोलणं ऐकलं आणि भेटायला बोलावलं. नटी व्हायचं सोनमचं लहानपणापासूनचं वेड. जुन्या गिऱ्हाईक कौसल्याकाकूंना सोबत घेऊन ती निघाली. कडेवर लेक डोल्मा, नदीकाठचा वारा बाधेल म्हणून पोरीच्या डोक्यात एकावर एक दोन टोप्या.

दिग्दर्शक खूश झाला. "स्वेटरवालीचं काम आहे. दोन वाक्यं, मोडक्या हिंदीत."

"स्वेटरवाली तर मी रोजच असती, दादा. मला मालिकेतली ती भांडखोर जाऊबाई द्या."

"भाषा झकास आहे हो. पण हा चेहरा लोकांना पटायचा नाही."

सोनमनं डोल्माला काकूंकडे दिलं, ओढणी कमरेला खोचली आणि हवेतला एक स्वेटर चिमटीत धरला. "ह्याला लोकर म्हनायचं व्हय? आमच्या म्हशीची झूल ह्याच्यापरीस दाट हाय."

सगळे हसले. काकू तेवढ्या गंभीर. "आगं, ह्ये तर मी म्हनले हुते."

"व्हय, परवाच."

दिग्दर्शकानं डोळे पुसले. "तरी स्वेटरवालीच."

"मग ऱ्हाऊ द्या," म्हणत सोनमनं पोरीला उचललं आणि चालू लागली.

जन्मभर तिनं गिऱ्हाइकांना असंच उठून जाताना पाहिलं होतं. जी वळून बघते, ती दुकानदार सांगेल त्या भावाला घेते. जी बघत नाही, तिला हाक मारावी लागते. पण आज हाक येईना. नको असलेलं गिऱ्हाईकही दुकानदार असंच जाऊ देतात की.

"वळू नगंस," काकू पुटपुटल्या.

पण खांद्यावरच्या डोल्माचं तोंड मागंच होतं.

"काय करतोय गं तो?" सोनमनं हळूच विचारलं.

"डोकं खाजवतोय."

"आता?"

"उठला. चप्पल शोधतोय. आमा, एक टोपी काढ ना."

"थांब, वारं हाय. आता?"

"पळतोय."

"अहो ताई, ऐका तर," मागून धापा टाकत आवाज आला. थेट तिच्याच दुकानातला सूर. "शेवटचं सांगा."

सोनम थांबली. "जाऊबाई."

"बरं, जाऊबाई."

सोनमला हसू आवरेना. डोल्माची वरची टोपी तिनं आपणहून काढली.

काकू मात्र हळहळल्या. "फसलीस, पोरी. आनखी जरा चालली असतीस, तर सासूचं काम दिलं असतं त्यानं."