कळपाच्या मधोमध

कार्तिकातलं ऊन, केतकीपिवळं, मृदुमंद, माणदेशाच्या माळावर हलकेच उतरलं होतं. कुसळी गवताची पांडुर पाती वाऱ्यावर डोलत होती. दोन दिवसांमागे ओढ्यात न्हाऊ घातलेल्या, उन्हात खडखडीत वाळलेल्या मेंढ्या बाभळीच्या विरळ सावलीत दाटीने उभ्या होत्या. लोकर कातरायचा दिवस होता.

कातर धरणारे ते हात तेवढे नव्हते.

श्रावणात मायाप्पा गेला. जाण्याआधी एका सांजवेळी भुरी मेंढीच्या कुशीवर हात फिरवून तो बायकोला हसत म्हणाला होता, "ठकू, ही गाभण हाय बरं का." आता भुरीचे दिवस भरत आले होते. कातरताना बिथरली, धडपडली, तर गाभडेल, या एका भयाने ठकूबाईचा जीव टांगणीला लागला होता.

मायेपोटीच चुकली ती. गलबल्यात नको म्हणून भुरीला तिने कळपातून वेगळं काढलं, दूर सावलीत नवंकोरं घोंगडं अंथरलं, माहेरवाशिणीसारखं तिला त्यावर बसवलं. पण कातरीचा थंड स्पर्श झाला मात्र, भुरी थरथरली. नेत्र विस्फारले, श्वास फुलला, खुरांनी घोंगडं ओरबाडलं. धाकटा दीर सिदाप्पा दोरी घेऊन धावला.

"वैनी, पाय बांधू का?"

"नगं भावजी. त्येंनी कधी बांधलं न्हाईत."

आणि मायाप्पा तिच्या डोळ्यांपुढे आला. कळपाच्या मधोमध, लेंड्यांत खुशाल मांडी ठोकून बसलेला, कातरीची पाती तळहातांत उबवणारा, गुणगुणणारा. एक मेंढी त्याच्या खांद्यावर हनुवटी टेकून रवंथ करतेय, दुसरी पटक्याचं टोक चघळतेय. ठकूबाई दरसाल करवादायची, "जरा बाजूला, चांगल्या जागी बसायला काय हुतंय तुमास्नी?" तो नुसता हसायचा. आळशी मेला, असं तिला वाटायचं. अगं बाई, आळस कसला तो! एकट्या मेंढीचं काळीज भयाने फाटतं, हे त्याला ठाऊक होतं. किती उशिरा कळलं!

ती उठली. भुरीला घेऊन सरळ कळपात शिरली, पदर खोचला आणि लेंड्यांतच बसली. भोवती उबदार अंगांची दाटी झाली. भुरीने दीर्घ निःश्वास टाकला, मान तिच्या मांडीवर सोडली. ना दोरी, ना दटावणी. कातर चालली, हळू चालली, मानेवरून पाठीवर, पाठीवरून कुशीवर. भुरकट लोकर थराथराने उलगडत भुईवर निजत गेली.

उघड्या कुशीला ऊन लागलं. त्वचेखालून काहीतरी सरकलं, थांबलं, पुन्हा सरकलं. ठकूबाईने कातर खाली ठेवली, तिथे तळवा टेकवला.

"हलतंय," ती म्हणाली, सवयीने शेजारी मान वळवून.

शेजारी नुसत्या मेंढ्या होत्या.

"हलतंय, धनी," ती पुन्हा म्हणाली, अगदी हळू. आणि तळव्याखाली तो इवला खूर हलत राहिला, हलत राहिला.