लॉबी जनू आणि टुब्बे

"त्याचा हात खाली घे," जनू म्हणाला. "नायतर हातात काठी दे. हॉकीवाल्याला काठी नको?"

"फोटोत हात वर हाय," हिरामण म्हणाला. "तुमचे हैबतराव बोलले, फोटोबरहुकूम पायजे. मी फोटोबरहुकूम केलंय. तू आता डोकं खाऊ नको."

हमरापुरातला हिरामणचा कारखाना. पेणच्या बाजूला कारखाना म्हटला की गणपतीचाच, बाकी कारखान्यांना लोक कंपनी म्हणतात. जनू धाटावच्या कंपनीत शिफ्टला जायचा आणि त्याची बायको पुतळी ह्या कारखान्यात आखणी करायची. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे काढणं. सगळा रंग झाल्यावर शेवटी ते काम, आणि ते येरागबाळ्याच्या हाती कोणी देत नाही.

आता सांगा, जिथं वर्षभर देव घडतात तिथं डिसेंबरात मधोमध उभा कोण, तर एक गुबगुबीत गोरा बाहुला. उंची कमरेएवढी, सगळा कागदाच्या लगद्याचा. पायांना गाद्यांसारखी पॅडं, डोक्यावर लाल गोंड्याची टोपी, उजवा हात वर, आणि दोन पायांच्या मधून निसटून गेलेली एक काळी चकती. डोळ्यांची जागा अजून कोरी होती. त्याचं नाव टुब्बे. स्वीडन देशातल्या एका कार्टून सिनेमातला गोली. बर्फावरच्या हॉकीत गोल अडवायला उभा राहतो तो. हा टुब्बे ऐन सामन्यात गर्दीतल्या आईला हात करत बसतो, चकती पायांमधून आत जाते, आणि सगळ्या गावाचा नाताळ बोंबलतो. तिकडं म्हणे दरवर्षी नाताळच्या आदल्या दिवशी हा सिनेमा टीव्हीवर लागतो आणि घरंच्या घरं पोट धरून हसतात.

हसेनात का. जनूला त्याचं काही नव्हतं. पण हा टुब्बे म्हणजे लेनार्टसाहेब होता.

लेनार्टसाहेब दोन वर्षांपूर्वी नवीन प्लँट उभा करायला धाटावला आला. ताडमाड माणूस, पन्नाशीचा, बोलणं कमी. इतर गोरे साहेब डिसेंबर लागला की विमान पकडून घरी पळत; हा नाताळलाही हटायचा नाही, उलट दुसऱ्यांच्या शिफ्ट अंगावर घ्यायचा. सुका बोंबील खायला शिकला, मोडकंतोडकं मराठी शिकला आणि रविवारी जनूबरोबर कबड्डीच्या मैदानावर येऊन बसायला लागला. एकदा त्याने मोबाइलवर आपला जुना फोटो दाखवला होता. तोंडावर जाळी, हातात हे भले मोठे मोजे. चौदा हिवाळे आपल्या शहराकडून खेळलो, म्हणाला. "मग सोडलं का?" जनूने विचारलं, तर त्याने मोबाइल खिशात टाकला आणि म्हणाला, "चहा."

आता साहेबाचं काम संपलं होतं, तो परत निघाला होता, आणि निरोपाच्या कार्यक्रमाचा उत्साह हैबतरावांच्या अंगात संचारला होता. हैबतराव म्हणजे कंपनीचे वेल्फेअर ऑफिसर. माणूस वाईट नाही, पण सुतावरून स्वर्ग गाठणारा. साहेबाला भेट काय द्यावी म्हणून त्यांनी स्वीडनच्या ऑफिसात विचारलं, तर तिकडच्या कुणीतरी हा सिनेमाच पाठवला आणि खाली हसत लिहिलं की टुब्बे हा आमचा लेनार्टच. खऱ्या फायनलमध्ये त्याने आईला हात केला होता, त्यावरून काढलाय. झालं. हैबतराव हरखले. आपला साहेब सिनेमात, आणि आपल्याला पत्ता नाही. लागलीच पेणला मूर्तीची ऑर्डर, आणि हॉलमध्ये पडद्यावर सिनेमा दाखवायची तयारी.

हैबतरावांनी तो जनूला आधीच दाखवला. साहेब नाताळला घरी का जात नाही ते त्याला एका दमात कळलं. ज्याचं जळतं त्यालाच कळतं म्हणतात, ते काय खोटं नाही.

कारण जनूलाही कोणी जनू म्हणत नव्हतं. तो लॉबी होता. एके काळी पेणचा हुकमी चढाईपटू. अलिबागला चौघांना अंगावर घेऊन रेषेला हात लावलेला गडी. आणि रोह्याच्या फायनलला, बरोबरी असताना, शेवटच्या चढाईत, कुणाला शिवायच्या आधीच त्याचा पाय मैदानाच्या कडेच्या लॉबीत पडला. शिवायच्या आधी लॉबीत पाय म्हणजे बाद. पेण हरलं. पाय पडला होता, जनूने कधी नाही म्हटलं नाही. पण अलिबागचे चार जण कुठं गेले? ते कुणाला आठवत नव्हते. वीस वर्षं झाली, केस पांढरे झाले, आणि बसमध्ये, कँटीनमध्ये, लग्नाच्या पंगतीत, लॉबी, जरा सरक. लॉबी, भात वाढ. ज्यांनी तो सामना बघितला नाही, जे तेव्हा जन्मले नव्हते, तेसुद्धा. आणि कडी म्हणजे लेनार्टसाहेबही. त्याला वाटलं हेच नाव. रोज सकाळी येऊन मोठ्या मायेने म्हणायचा, "गुड मॉर्निंग, लॉबी." जनू काय सांगणार, आणि कुठल्या भाषेत?

त्याने हैबतरावांना सांगून बघितलं. "साहेब, मूर्ती नको. माणसाला लागंल."

"अरे, मानाची गोष्ट आहे," हैबतराव म्हणाले. "आपल्यावर कुणी सिनेमा काढतंय का? तुझं काय लॉबी, सगळ्यात वाकडं." आणि वर, तू पेणचाच ना, मग टेम्पो घेऊन मूर्ती तूच आण, असं त्याच्याच गळ्यात टाकलं. पालथ्या घड्यावर पाणी.

हिरामणनेही ऐकलं नाही. मग उरली पुतळी. रात्री जेवताना जनू म्हणाला, "पुतळे गो, उद्या डोळे काढू नको. अंग दुखतंय सांग. बिनडोळ्यांची मूर्ती कोण देतंय?"

"आनि माझं नाव खराब करू?" पुतळी म्हणाली. "तुमच्या लॉबीसाठी?"

"माझ्यासाठी नाय. त्या माणसासाठी."

"हसतील त्याचे दात दिसतील. तुमी वीस वर्सं लोकांचे दात मोजताव, काय मिळालं?" तिने त्याच्या ताटात आमटी वाढली. "ते बाहुलं डोळे फिरवून बाजूला बघतंय, गर्दीत. तसं बघणारे डोळे मी कधी काढले नाय. हिरामणदादा बोलला, फोटो बघून काढ. काढीन जमंल तसं."

हे मात्र खरं होतं. पुतळीच्या हाताला एकच नजर ठाऊक होती. मागं पेणच्या एका कापडाच्या दुकानाने बाहुल्या रंगवायला दिल्या, तर हिने त्यांना असे डोळे काढले की गिऱ्हाइकं साडी बघायच्या आधी हात जोडायला लागली. दुकानदाराने बाहुल्या परत धाडल्या. पण त्या रात्री जनूच्या मनात हे आलंच नाही. तो भिंतीकडे तोंड करून पडला, आणि बायकोसुद्धा आपली नाही, असलं काहीबाही त्याच्या मनात येत राहिलं.

दुसऱ्या दिवशी हिरामणने मूर्ती चादरीत गुंडाळून, दोरीने बांधून टेम्पोत ठेवली. जनूने उघडून बघितलीही नाही. वडखळच्या नाक्यावर ट्रकांच्या रांगेत तो अडकला, पुढं खड्डे. प्रत्येक खड्ड्याला त्याला वाटायचं, फुटली तर सुटलो. पण कागदाचा लगदा तो, फुटतोय कशाला. नागोठणं गेलं, रोहा आला, धाटाव आलं, आणि मूर्ती शाबूत ती शाबूतच.

हॉल भरला होता. लेनार्टसाहेब पुढच्या खुर्चीत, गळ्यात झेंडूचा हार, बाजूला त्याची बॅग. रात्रीचं विमान होतं. हैबतरावांनी भाषण ठोकलं, साहेब छुपे रुस्तम निघाले म्हणाले, आणि चादर ओढली.

गोंड्याची टोपी दिसली मात्र, लेनार्टसाहेबाचा चेहरा उतरला. जनू दाराशी उभा होता, तिथून त्याला तो स्पष्ट दिसला. दोन वर्षांत ह्या माणसाला जगात एकच जागा अशी मिळाली होती जिथं टुब्बे कुणाला माहीत नव्हता, आणि ती आम्ही आमच्या हातांनी घालवली, असं जनूला वाटलं. त्याला हैबतरावांचा राग आला, हिरामणचा आला, आणि टेम्पो मुकाट इथवर हाकून आणणाऱ्या स्वतःचा सगळ्यात जास्त आला.

पण हॉलमध्ये कोणी हसलं नाही.

टुब्बे समोर बघत होता. गर्दीत नाही, बाजूला नाही. पापणी अर्धी मिटलेली, नजर शांत, आणि जो समोर उभा त्याच्यावर ठरलेली. पुतळीला दुसरे डोळे येतच नव्हते. आणि त्या डोळ्यांखाली तो वर केलेला हातही बदलला होता. हिरामणने आयुष्यभर गणपतीचा केला तसाच तळवा केला होता, सरळ, उघडा, पुढं धरलेला. आता तो आईला केलेला हात वाटत नव्हता. घाबरू नको, मी हाय इथं, म्हणणारा हात वाटत होता. कँटीनमध्ये भाकऱ्या थापणारी काशीबाई पहिल्या रांगेत होती. तिने सवयीने हात जोडले, आणि मग इकडंतिकडं बघून पदराला पुसले.

"डोळे काय हे?" हैबतराव जनूच्या कानाशी येऊन पुटपुटले. "फोटोत असे नाहीत."

लेनार्टसाहेब उठून मूर्तीपाशी गेला. वाकला आणि बराच वेळ त्या डोळ्यांत बघत राहिला. मग त्याने दाराशी उभ्या जनूकडे वळून सावकाश म्हटलं, "हा बघतो. टुब्बे कधी नाय बघत. हा बघतो."

इथं थांबायला काय हरकत होती? पण हैबतराव थांबतील तर ते हैबतराव कसले. भेट फसली असं त्यांना वाटलं आणि ती सावरायला त्यांनी दिवे घालवून सिनेमा लावला. मग व्हायचं ते झालं. पडद्यावर टुब्बेने आईला हात केला, चकती आत गेली, आणि अख्खा हॉल हसला. टुब्बे बर्फावर आपटला, पुन्हा हसला. लेनार्टसाहेबही हसत होता. ते हसू जनूला पाठ होतं. ओठ ताणायचे, दात दाखवायचे आणि संपायची वाट बघायची. लग्नाच्या पंगतीत तो स्वतः तेच हसायचा.

दिवे लागल्यावर हैबतरावांना अजून जोर चढला. "साहेब, वाईट वाटून घेऊ नका," ते माइकवरून म्हणाले. "आमच्याकडं पण एक टुब्बे आहे. आमचा लॉबी." आणि त्यांनी स्टेजवर कबड्डी कबड्डी करत दोन पावलं टाकली, पाय वाकडा करून एका काल्पनिक रेषेपलीकडं ठेवला, आणि दोन्ही हात वर करून पंचासारखं बाद दिलं. टाळ्या पडल्या. मागच्या रांगेतून कोणीतरी ओरडलं, "लॉबी, स्टेजवर ये."

जनू स्टेजवर गेला नाही. तो बाहेर टेम्पोपाशी जाऊन उभा राहिला. सगळं करून हाती काय आलं, तर एकाऐवजी दोघांचं हसं. मारणाऱ्याचा हात धरता येतो, बोलणाऱ्याचं तोंड धरता येत नाही, हे म्हणणारा जो कोण असेल तो धाटावलाच नोकरीला असणार.

थोड्या वेळाने लेनार्टसाहेब आला. टुब्बेला त्याने दोन्ही हातांनी छातीशी धरलं होतं, हार अजून गळ्यातच. त्याने मूर्ती टेम्पोत नीट ठेवली, चादर पांघरली आणि वळला.

"लॉबी," तो म्हणाला, आणि थांबला. "हे नाव नाय. बरोबर?"

जनूने टेम्पोच्या फळीची कडी लावली.

"दोन वर्ष मी बोलतो. गुड मॉर्निंग लॉबी. चहा लॉबी." त्याचा चेहरा लाल झाला होता. "तू का नाय सांगितलं?"

"तुमी तरी कुठं सांगितलं," जनू म्हणाला, "टुब्बेचं."

साहेबाने मान हलवली. कंपनीची गाडी हॉर्न देत उभी होती. त्याने ड्रायव्हरला हाताने पुढं जायला सांगितलं आणि टेम्पोचं दार उघडून आत चढून बसला. गुडघे दाटीने छातीला लागले. "पेणपर्यंत," तो म्हणाला. "तिकडं गाडी." मग त्याने विचारलं, "नाव काय तुझं?"

जनू आपल्या बाजूने चढून बसला. मग त्याने ते मैदानात माइकवरून पुकारायचे तसं सांगितलं, गावासकट. "जनार्दन काळुराम म्हात्रे. पेण."

"जनारदन," साहेब म्हणाला. पुन्हा म्हणाला. जीभ अडखळली तरी त्याने ते सोडलं नाही. मग पाय जमतील तेवढे पसरले. "सांग, जनारदन."

"काय सांगू?"

"बाकीचं," साहेब म्हणाला. "लॉबी मला माहीत झाला. बाकीचं सांग. मग मी सांगतो माझं."

जनूने टेम्पो सुरू केला. पुढं नागोठण्यापर्यंत खड्डे होते, वडखळला ट्रकांची रांग होती, आणि त्या दिवशी पहिल्यांदाच त्याला वाटलं की रस्ता आहे तो बरा आहे. "अलिबागला," तो म्हणाला, "चौघं होते माझ्या अंगावर."