आण्णांच्या नावाचा घडा

"वाजवून बघ. बोलला नाही तर तिथंच फोड. पाणी न धरणारं भांडं कुंभाराच्या घरातून बाहेर जाता कामा नये."

आण्णा जाऊन वर्ष होत आलं, तरी बजावणं कानात आहे. शेवटच्या आजारात मी वडिलांना शब्द दिला होता, की अक्षय्य तृतीयेला तुमच्या नावानं पाण्याचा घडा देईन, आणि तो घरच्याच हातचा असेल.

घरचा हात म्हणजे माझा भाऊ जयदेव. मोरिवलीचा कुंभारवाडा सोडून त्यानं अंबरनाथ पश्चिमेला स्टुडिओ थाटलाय. एकादशीचं पारणं करून मी बदलापूरहून तिथं गेले. आण्णांच्या चाकाभोवती एप्रन घातलेल्या बायका बसलेल्या. लहानपणी त्याच चाकाला हात लावला म्हणून मी मार खाल्लाय.

"माती स्वतःच ठरवते तिला काय व्हायचंय," जयदेव त्यांना सांगत होता.

माती काही ठरवत नाही. माती तुडवावी लागते. आण्णांच्या टाचा तुडवूनच फाटल्या. हा पिशवीतली तयार माती आणतो आणि तिचं मन वाचतो!

त्यानं आण्णांसाठी मी सांगून ठेवलेला घडा पुढं केला. काठापासून पोटापर्यंत तडा, त्यात सोनेरी रंग भरलेला.

"ताई, हा तडा म्हणजे त्याचा प्रवास."

मी बोटानं वाजवला. थद्द.

"यात पाणी राहील?"

"पाण्यासाठी नाहीच गं तो. फील करायचा."

"आणि तहान लागल्यावर आण्णांनी काय फील करायचं?"

बायका हसल्या. त्यांना वाटलं, मी गंमत करतेय. आवाज चढवायचा नाही हा माझा रोजचा नेम. तो मी मोडला नाही. रामकृष्णहरी म्हटलं आणि घडा फरशीवर सोडला.

"वेडी झालीस का? त्याची जोडी प्रदर्शनात लागलीय!"

"मग तीही वाजवून बघ," मी म्हटलं.

"हे सेशनमध्येच होतं का?" राजसी नावाच्या एका शिष्येनं हळूच विचारलं.

भिंतीवर आण्णांची थापी शोभेला टांगली होती. चाकाला बाईचा हात चालत नसे, पण थापीनं ठोकून घड्याचं पोट वाढवायचं काम आमच्यात आईच करायची. मी ती उतरवून पिशवीत टाकली. जयदेव तुकडे गोळा करत होता. त्यांचंही काहीतरी करेल.

दुसऱ्या दिवशी तुळशीला पाणी घातलं. चाकाशिवाय माझ्या घड्याची मान वाकडी होईल, होऊ दे. घमेलं उचललं, थापी कमरेला खोचली आणि कुणाला न सांगता मांजर्लीच्या बाजूनं नदीकडे मातीला निघाले.